सकळ लिपीची किल्ली

दिवाळीत आमच्या बोईसरच्या घरी भावंडांची मुले जमली, की ‘च’च्या भाषेला ऊत येतो. ‘मला’चे ‘चलाम’ होते आणि फराळाच्या डब्याविषयीची खलबते मोठ्यांच्या देखत पार पडतात. ही हौस फार जुनी आहे. वात्स्यायनानेही चौसष्ट कलांत ‘म्लेच्छितविकल्प’ म्हणजे सांकेतिक लेखन गणले आहे. पण महाराष्ट्रात एका पंथाने ही युक्ती इतक्या निष्ठेने सांभाळली, की मराठीचा मोठा ठेवा शतकानुशतके कुलुपात राहिला.

तो पंथ महानुभावांचा. चक्रधरस्वामींच्या आठवणी म्हाइंभटांनी तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात ‘लीळाचरित्रा’त गोळा केल्या. महदंबेने धवळे रचले. तिला आपण आद्य मराठी कवयित्री म्हणतो. चौदाव्या शतकापासून पंथीयांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा लिप्यांत उतरविले. भाषा मराठीच, नागरी अक्षराच्या जागी मात्र ठरलेले दुसरे चिन्ह. पोथ्या मठांतून पार काबूलपर्यंत गेल्या, पण महाराष्ट्रातल्या घरांना महदंबेचे नावही ठाऊक राहिले नाही. शिवाय, लपविले आहे त्याअर्थी काहीतरी वावगे असणार, हा संशय पंथाला चिकटला तो वेगळाच.

एकास एक चिन्ह देणारी लिपी मुळात नाजूक असते. कोणते चिन्ह किती वेळा येते ते मोजून ती फोडावी, हे नवव्या शतकात बगदादच्या अल्-किंदीने लिहून ठेवले. ‘सर्वज्ञें म्हणितलें’ हे शब्द ‘लीळाचरित्रा’त पुन:पुन्हा येतात; गुप्त लिपीला अशी पुनरुक्ती घातकच. जर्मनांचे ‘एनिग्मा’ यंत्र तर दर अक्षरागणिक संकेत बदलीत असे. तरीही पोलंडच्या मारियन रेयेव्स्कीने १९३२ साली गणिताने त्याची रचना ओळखली, आणि पुढे महायुद्धात ब्लेच्ली पार्कमधील इंग्रजांना हवामानाच्या ठरीव मजकुरांनीच धागा दिला. यंत्र बदलते, माणसाची सवय बदलत नाही.

आपल्याकडे हे कुलूप विसाव्या शतकाच्या आरंभी इतिहासाचार्य राजवाडे यांनी उघडले. पालघर जिल्हा २०१४ साली वेगळा होईपर्यंत आम्हा बोईसरकरांचे जिल्ह्याचे गाव ठाणे. त्याच ठाण्यास १८९३ साली मराठी ग्रंथसंग्रहालय स्थापणारे वि. ल. भावे यांनी ‘महाराष्ट्र सारस्वता’त या ग्रंथकारांना मानाचे पान दिले.

दार उघडल्यावर आत काय दिसले? भिक्षेची झोळी, वाटेवरची गावे, गुरुशिष्यांची थट्टा, रुसवेफुगवे. यादवकाळातील माणसांची जिवंत बोली. एवढे सोज्ज्वळ धन लपविणाऱ्यांनी ते जिवापाड जपलेही, हे विसरू नये. पण ज्ञात्यांपुरतीच किल्ली ठेवली, की जाणते कमी होताच धनही मुके होते. आता ‘लीळाचरित्र’ नागरीत छापलेले मिळते. यंदा फराळानंतर त्यातील एखादी लीळा घरात मोठ्याने वाचावी; मुलांना नातवंडांइतकेच आजीआजोबाही सोबती होतील.