किकॅसचे तोतये

किकॅस टोरंट्स या संकेतस्थळाच्या प्रकरणात अस्सल म्हणावेत असे कागद थोडेच आहेत. शिकागोच्या फेडरल न्यायालयातली फौजदारी तक्रार, जी २० जुलै २०१६ रोजी उघड झाली. त्याच दिवशीचं अमेरिकी न्याय खात्याचं प्रसिद्धिपत्रक. इरॉस इंटरनॅशनल विरुद्ध भारत संचार निगम या दाव्यात मुंबई उच्च न्यायालयाच्या न्या. गौतम पटेल यांनी त्याच जुलैत आणि पुढे ऑगस्टअखेर दिलेले आदेश. आणि त्या ऑगस्टात देशभरच्या पडद्यांवर झळकलेली एक नोटीस. तिची छापील प्रत सोलापूरच्या सात रस्त्याजवळच्या एका नेट कॅफेतून तेव्हाच काढून ठेवली होती, म्हणून ती हाताशी आहे. बाकीचा पसारा ‘कॅट परत आलं’ अशा आवयांचा. इतिहासात आवयांनाही जागा असते, पण ती कागदांच्या खालची.

किकॅस टोरंट्स, वापरणाऱ्यांच्या तोंडी नुसतं ‘कॅट’, २००८ साली सुरू झालं. तक्रारीत त्याचं वर्णन आहे ते असं : महिन्याला ५ कोटींवर पाहुणे, जगातल्या संकेतस्थळांत ६९वा क्रमांक, सुमारे २८ भाषांत सोय. १०० कोटी डॉलरहून अधिक किमतीचा माल बेकायदा वाटला, असाही आरोप. हे आकडे फिर्यादी पक्षाचे आहेत आणि फिर्यादी कधी नुकसान कमी सांगत नसतो, एवढं ध्यानात ठेवून ते वाचायचे.

एक गोष्ट मात्र वादाची नाही. कॅटच्या सर्व्हरवर सिनेमा नव्हताच. तिथे होती यादी. टोरंटची फाइल म्हणजे काही केबींचा मजकूर : सिनेमाचे किती तुकडे आहेत, प्रत्येक तुकड्याचा ठसा काय, विचारणा कुठे करायची. यातल्या तुकड्यांच्या माहितीवरून ४० अक्षरांची एक खूण निघते. ती जुळली की प्रत तीच. खुद्द सिनेमा खारघरच्या, कीवच्या, मनिलाच्या कुणाकुणाच्या संगणकावर पडलेला असतो आणि तुकड्यातुकड्याने इकडून तिकडे जातो. म्हणून यादी जप्त झाली तरी माल जागच्या जागी राहतो, आणि यादीची नक्कल करायला एक बरा संगणक आणि थोडी रात्रपाळी पुरते. पुढचे सगळे तोतये या एका सोयीतून जन्मले.

सोलापुरात या मालाचं शेवटचं टोक संगणक नव्हताच, मोबाइलचं मेमरी कार्ड होतं. दुकानाच्या काचेवर ‘कार्ड भरून मिळेल’ अशी चिठ्ठी, आत एक जुना संगणक, त्यात भाषावार फोल्डर. गिऱ्हाइकाला टोरंट हा शब्द ठाऊक असण्याचं कारण नव्हतं. २९ एप्रिल २०१६ला ‘सैराट’ लागला. दिग्दर्शक नागराज मंजुळे करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे, म्हणजे घरचंच कार्य. त्याचीही चोरटी प्रत बाहेर फिरली. पाठोपाठ जूनमध्ये ‘उडता पंजाब’. त्याच्या प्रतीवर तर सेन्सॉरसाठी असल्याची खूण होती आणि ती प्रदर्शनाच्या दोन दिवस आधी फुटली. मग ‘ग्रेट ग्रँड मस्ती’ इतक्या आधी फुटला की निर्मात्यांना तारीख अलीकडे ओढावी लागली. शिकागोच्या कागदांत युरोपातली बँक खाती आहेत. कार्ड भरून देणाऱ्याच्या धंद्याची मात्र एक पावतीही मागे उरलेली नाही. म्हणजे हा इतिहास लिहिताना वरचं टोक कागदावर आणि खालचं टोक आठवणीवर, असा तोल राहतो. इथे मी खालच्या टोकाबद्दल याहून जास्त लिहीत नाही.

शिकागोची तक्रार वाचनीय आहे, कारण तिचा खरा विषय ओळख पटवणे हा आहे. लिहिणारा अंमलदार जेरेड देर-येघियायन हा गृहसुरक्षा खात्याच्या तपास शाखेचा. सिल्क रोड या काळ्या बाजाराच्या तपासातही तो होता. पडद्याआडचा मालक म्हणजे युक्रेनमधल्या खारकीवचा ३० वर्षांचा आर्तेम वाउलिन, हे त्याला दाखवायचं होतं. त्याने केलेली जोडणी अशी. २००९च्या सुमारास किकॅसच्याच नावाचा एक पत्ता नोंदवला गेला, त्यावर वाउलिनचं नाव आणि खारकीवचा ठिकाणा होता. ३१ जुलै २०१५ रोजी अ‍ॅपलच्या आयट्यून्स दुकानातून एक खरेदी झाली. ती ज्या आयपी पत्त्यावरून झाली, त्याच पत्त्यावरून त्याच दिवशी कॅटच्या फेसबुक पानावर कुणीतरी शिरलं. चोरीच्या मालाची जगातली सर्वांत मोठी यादी चालवणारा माणूस पैसे मोजून केलेल्या खरेदीमुळे सापडतो, हा भाग कादंबरीत घातला असता तर संपादकाने खोडला असता.

तिसरा दुवा पैशाचा. गुप्त अंमलदाराने जाहिरातदार असल्याचं सोंग घेऊन दिवसाला ३०० डॉलर दराने कॅटवर जाहिरात घेतली. पैसे कुठे भरायचे, तर लॅटव्हियातल्या एका बँक खात्यात. त्या खात्यात ऑगस्ट २०१५ ते मार्च २०१६ या अवधीत सुमारे २ कोटी ८४ लाख युरो जमा झाल्याचं तक्रार सांगते. वाउलिनला पोलंडमध्ये अटक झाली. एक बँक खातं आणि सात पत्ते जप्त करण्याचे आदेश निघाले. कॅट बंद झालं ते २० जुलै २०१६ या दिवशी.

पण नेहमीच्या माणसाला ‘बंद झालं’ याचा अर्थ निराळा लागायचा. आधी डॉट कॉम, मग २०११पासून फिलिपिन्सचा पत्ता. २०१३ साली तिथल्या संगीत कंपन्यांच्या तक्रारीवरून तो गेला, तर टोंगाचा. मधे काही आठवडे सोमालियाचा, आणि शेवटी २०१५पासून कोस्टा रिकाचा. पाटी बदलायची, दुकान तेच. त्यामुळे २१ जुलैला ‘नवा पत्ता काय?’ हा प्रश्न लोकांनी जितक्या सहज विचारला, तितक्याच सहज त्याची उत्तरंही आली.

पहिलं उत्तर एका दिवसात आलं. आयसोहंट या दुसऱ्या यादीवाल्यांनी कॅटची नक्कल उभी केली आणि आपल्याकडे मागच्या वर्ष-दीड वर्षाचा साठा असल्याचं सांगितलं. हे निदान नक्कल म्हणवून आले. त्यांच्यामागून आलेले तसे नव्हते. तेच तपकिरी पान, तेच चिन्ह, आणि ‘आम्हीच मूळ’. काही ठिकाणी तर सदस्याची ‘खात्री’ म्हणून क्रेडिट कार्डाचा क्रमांक मागत होते.

मराठी इतिहासाला हा प्रकार नवा नाही. पानिपतात १७६१ साली सदाशिवरावभाऊ पडले, आणि काही वर्षांनी ‘मीच भाऊ’ म्हणणारा उभा राहिला. रत्नागिरीच्या कैदेतून सुटल्यावर त्याने कोकणातले किल्ले घेतले, माणसं जमवली. १७७६त तो पकडला जाऊन पुण्यात मारला गेला. त्याला भाऊ मानणाऱ्यांत सगळेच भाबडे नव्हते. काहींना भाऊ परत यायला हवा होता, काहींना तो आलाय असं म्हणणं सोयीचं होतं. कॅटच्या बाबतीतही हे दोन वर्ग निरनिराळे ठेवले नाहीत, तर त्या जुलैनंतरच्या आवयांचा हिशेब लागत नाही.

आता मुंबई. इरॉसच्या दाव्यातला सिनेमा ‘ढिशूम’ २९ जुलैला लागणार होता. निर्मात्यांना अज्ञात प्रतिवादींविरुद्ध, म्हणजे आपल्या वकिलांच्या भाषेत ‘अशोक कुमार’विरुद्ध, आगाऊ मनाई हवी होती. असे हुकूम त्याआधी सढळ हाताने मिळत. २०१२ साली मद्रासच्या अशाच एका हुकमाने व्हिमिओ आणि डेलीमोशनसुद्धा बंद पडली आणि जूनमध्ये न्यायालयाला खुलासा करावा लागला की बंदी ठरावीक दुव्यांपुरतीच आहे. न्या. पटेल यांनी हा धडा आधीच घेतलेला दिसतो. संकेतस्थळ सरसकट बंद करायचं तर ते संपूर्णच बेकायदा आहे हे दाखवा. नाहीतर दुवा न् दुवा द्या. तोही नुसता नव्हे : तीन टप्प्यांची पडताळणी, आणि शेवटी शपथेवर निवेदन. शिवाय, बंद पानावर दावा क्रमांक, कलमं आणि दाद कशी मागायची हे दिसलं पाहिजे. बंदी घालणाऱ्यानेही आपली ओळख सांगावी, असा त्याचा मथितार्थ.

तिथून जन्मली ती ऑगस्टातली नोटीस. माझ्याकडची प्रत फिकट झाली आहे, पण वाचता येते. हा दुवा सक्षम सरकारी अधिकाऱ्याच्या सूचनेवरून किंवा न्यायालयाच्या आदेशाने बंद केला आहे; बेकायदा प्रत पाहणं, उतरवणं, दाखवणं किंवा तिची नक्कल करणं हा गुन्हा आहे; प्रताधिकार कायद्याची ६३, ६३-अ, ६५ आणि ६५-अ ही कलमं; ३ वर्षं कैद आणि ३ लाखांपर्यंत दंड. तक्रार असल्यास ४८ तासांत तपशील कळवू. खाली एका दूरसंचार कंपनीचा ई-मेल.

या मजकुरात दोन गोष्टी खटकतात. पहिली म्हणजे दंड. १९५७च्या कायद्यात कलम ६३ची मर्यादा २ लाख आहे. पुन्हा गुन्हा केला तर लागणाऱ्या ६३-अचीही २ लाखच. ६५ आणि ६५-अ मध्ये दंड आहे, रक्कम नाही. ३ लाख हा आकडा या चार कलमांत कुठेही लिहिलेला नाही. दुसरी म्हणजे ‘पाहणं’. वर्तमानपत्रांनी ‘टोरंट पाहिलं तर तीन वर्षं तुरुंग’ असे मथळे केले आणि गावोगावच्या कॅफेचालकांनी धसका घेतला. ३० ऑगस्टच्या आदेशात न्या. पटेल यांनीच स्पष्ट केलं की गुन्हा पाहण्यात नाही. परवानगीशिवाय वाटणं, जाहीर दाखवणं, विकणं वा भाड्याने देणं यात आहे. नोटिशीमुळे घाबरलेल्यांपर्यंत हा आदेश किती पोचला, हा वेगळाच विषय.

डिसेंबर २०१६मध्ये परतण्याच्या दाव्यांतला सर्वांत भक्कम दावा पुढे आला. कॅटच्या जुन्या व्यवस्थापकांनी आणि देखरेख करणाऱ्यांनी नव्या पत्त्यावर यादी सुरू केली. पान ओळखीचं, माणसं बरीचशी तीच, नियमित माल चढवणारेही तेच. पण सदस्यांची जुनी वही त्यांच्याकडे नव्हती. सदस्यांनी नव्याने नाव नोंदवायचं होतं. आणि लॅटव्हियातलं खातं, वाउलिन, जाहिरातींचा ओघ यांतलं काहीही तिकडे गेलं नाही. माझ्या मते त्यांना वारस म्हणावं. परत आलेला म्हणू नये, आणि तोतया तर नाहीच. आयसोहंटकडे मालाची वही होती, माणसं नव्हती. यांच्याकडे माणसं होती, सदस्यांची वही नव्हती. कार्ड क्रमांक मागणाऱ्यांकडे फक्त पाटी होती. पाटी परत येणं सर्वांत सोपं असतं. नॅप्स्टर २००१ साली बंद पडलं, पुढच्या वर्षी दिवाळखोरीत निघालं, रॉक्सिओ कंपनीने नाव विकत घेतलं आणि २००३त त्याच नावाने पैसे घेऊन गाणी विकायला काढली. कायद्याच्या नजरेत त्याहून अस्सल परतणं नाही.

शिकागोत वाउलिनच्या वकिलांचं म्हणणं होतं की टोरंट म्हणजे सिनेमा नव्हे, यादी ठेवणं हा गुन्हा नव्हे. ऑगस्ट २०१७मध्ये न्या. जॉन ली यांनी खटला रद्द करायची मागणी फेटाळली.

आपल्याकडे प्रश्नाची मांडणीच १० एप्रिल २०१९ला बदलली. दिल्ली उच्च न्यायालयाचे न्या. मनमोहन यांनी यूटीव्ही सॉफ्टवेअरच्या दाव्यात एकेक दुवा शपथेवर दाखवण्याऐवजी संकेतस्थळाचा एकंदर स्वभाव पाहायचं ठरवलं. आणि एकदा बंद केलेल्या स्थळाची आरसाप्रत किंवा नव्या पत्त्यावरचं रूप निघालं, तर नव्या दाव्याची गरज ठेवली नाही. निर्मात्याने प्रतिज्ञापत्रासह सहनिबंधकांपुढे जायचं, आणि जुनी मनाई नव्या पत्त्यालाही लागू व्हायची. मुंबईत २०१६ साली दुवा न् दुवा सिद्ध करावा लागत होता. दिल्लीच्या हुकमानंतर नवं रूप जुन्याचंच आहे, एवढं सहनिबंधकांना पटलं की भागतं.