उद्यापासून कामावर येऊ नको

‘उद्यापासून कामावर येऊ नको.’ घरातली चूल थंड व्हायला एवढं एक वाक्य पुरतं. पूर्वी ते कुणीही, केव्हाही ऐकवत असे. त्याला लगाम कसा बसला, त्याचा हा इतिहास.

आपल्या जुन्नर-आंबेगावच्या डोंगरी गावांतून कितीतरी माणसं पोटासाठी मुंबईला गेली. कुणी डबे पोचवले, कुणी गिरणीत राबलं. शंभर वर्षांपूर्वी गिरणीत माणसं ठेवायचा आणि काढायचा तो जॉबर. बायकांवर नायकीण असायची. दस्तुरी दिली नाही, मर्जी गेली, की काम गेलं. कारण विचारायची सोय नव्हती.

कामगारांनी त्यासाठी संप केले. १९२८ च्या मोठ्या संपात गिरण्यांच्या नियमांवरूनच वाद पेटला. पुढे १९४६ मध्ये स्थायी आदेशांचा कायदा आला. गैरवर्तन कशाला म्हणायचं आणि त्याला शिक्षा काय, हे मोठ्या कारखान्यांनी आधीच लिहून ठेवायचं, असं ठरलं. १९५० मध्ये राज्यघटनेच्या कलम ३११ ने सरकारी नोकरांना हमी दिली: आरोप सांगितल्याशिवाय आणि बाजू मांडायची संधी दिल्याशिवाय बडतर्फी नाही. महाराष्ट्रातल्या खाजगी शाळांसाठी १९७७ चा कायदा झाला आणि १९८१ मध्ये त्याचे नियम आले.

पण कागदावरचा नियम माणसाच्या कामी कधी येतो? तेव्हाच्या औरंगाबादमधल्या एका शिक्षिकेची गोष्ट ऐका. २००५ मध्ये महापालिकेने शाळेच्या इमारतीवर ७९,९७४ रुपयांचा कर लावला. संस्थेने शिक्षकांना सांगितलं, दरमहा १,५०० रुपये या करासाठी द्या. या बाईंनी नकार दिला. मग त्यांच्या हातात मेमोवर मेमो पडू लागले, एकूण पंचवीस! त्यांनी प्रत्येकाला लेखी उत्तर दिलं. १४ नोव्हेंबर २००६ ला त्यांना निलंबित केलं. जिल्हा परिषदेच्या शिक्षणाधिकाऱ्यांनी निलंबनाला मान्यता दिली नाही, तरी संस्थेने चौकशी लावली आणि जून २००७ मध्ये बाईंना काढून टाकलं.

बाई शाळा न्यायाधिकरणात गेल्या. २००९ मध्ये न्यायाधिकरणाने बडतर्फी रद्द केली आणि मधल्या काळाचा पूर्ण पगार द्यायला सांगितला. उच्च न्यायालयाने बडतर्फी चुकीचीच मानली, पण मागचा पगार नाकारला. बाई सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेल्या. १२ ऑगस्ट २०१३ ला न्यायालयाने तो पगार परत मिळवून दिला. न्यायालयाचं म्हणणं साधं होतं: माणसाला बेकायदा काढलं की त्याचं सगळं घर उपाशी पडतं. पगारही नाकारला तर शिक्षा नोकराला आणि बक्षीस मालकाला, असं होईल. ‘दीपाली गुंडू सुरवसे’ या नावाने हा निकाल आजही देशभरातल्या न्यायालयांत सांगितला जातो.

यातून आपण काय घ्यायचं? तुमच्यावर किंवा घरातल्या कुणावर अशी वेळ आली, तर आरोप लेखी मागा. ज्या कागदांवर तो आरोप उभा आहे, ते बघायला मागा. उत्तर लेखी द्या आणि त्याची पोच घ्या. चौकशीत साक्षीदाराला प्रश्न विचारू द्या म्हणून सांगा. रागाच्या भरात कोऱ्या कागदावर किंवा राजीनाम्यावर सही करू नका. दाद मागायला मुदत असते. खाजगी शाळेतल्या बडतर्फीविरुद्ध तीस दिवसांत अपील करावं लागतं. तालुका विधी सेवा समितीकडे बायकांना वकिलाची मदत मोफत मिळते, मग उत्पन्न कितीही असो.

आणखी एक गोष्ट आपल्या गटांसाठी. आता आपणही कुणाला तरी कामावर ठेवतो. कुठे शाळेत पोषण आहार शिजवणारी बाई असते, कुठे गटाचा हिशेब लिहिणारी मुलगी. हिशेबात शंभर रुपये कमी भरले, की गावात कुजबुज सुरू होते आणि पुढच्या बैठकीत तिला न बोलावताच ठराव होतो. तिथे नायकिणीचं राज्य परत येतं. आधी तिला वही दाखवा, आरोप सांगा, उत्तराला चार दिवस द्या. जिने तक्रार केली, तिनेच निकाल देऊ नये. तिचं म्हणणं बैठकीच्या वहीत लिहा. मग तिची चूक निघालीच, तर शिक्षा चुकीच्या मापाची असावी. एवढं केलंत, तर ज्या बाईला काढावं लागेल, तीसुद्धा उद्या गावात तुमच्याशी मान वर करून बोलू शकेल.