ईसीजी सुधारला, पेशंट दगावला

डॅशबोर्ड हिरवा आणि सर्व्हर आडवा, हा प्रकार आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिलाय. कार्डिऑलॉजीत तो १९८९ साली घडला, आणि तिथे आडवी झाली ती माणसं.

हार्ट अटॅकमधून वाचलेल्या अनेकांच्या हृदयात मधूनच अवेळी ठोके पडतात. ज्यांना असे ठोके जास्त, ते अचानक दगावण्याचा धोकाही जास्त, एवढं तोवर कळलं होतं. मग ठोके दाबा, माणूस वाचेल. सरळ हिशोब! फ्लेकेनाइड आणि एन्केनाइड या गोळ्या ठोके मस्त दाबायच्या. होल्टर मॉनिटरवर चोवीस तासांचा ईसीजी काढला की दिसायचंच.

१९८७त अमेरिकेत 'कास्ट' ही चाचणी सुरू झाली. काही डॉक्टरांचं म्हणणं, निम्म्या लोकांना नुसती दिखाऊ गोळी देणं हाच अन्याय. त्यातून चाचणीत घेतले तेही कोण, तर गोळीने ज्यांचे ठोके खरंच कमी झाले तेच! म्हणजे औषधाला अगदी घरचं मैदान.

एप्रिल १९८९मध्ये या दोन्ही गोळ्यांची चाचणी मध्येच थांबवावी लागली. सरासरी दहा महिन्यांत खरी गोळी घेणाऱ्या ७५५ पैकी ६३ जण दगावले होते, दिखाऊ गोळीवाल्या ७४३ पैकी २६. ईसीजी मात्र छान होते.

कारण काय? ही औषधं हृदयातल्या विजेचा वेग कमी करतात. अटॅकनंतर व्रण राहिलेल्या हृदयात ती मंदावलेली वीज व्रणाभोवतीच गोल गोल फिरत बसू शकते, चक्क इन्फिनिट लूप. अवेळी ठोके कमी, पण जीवघेणी लय सुरू व्हायला वाट मोकळी.

एन्केनाइड १९९१त बाजारातून गेलं. फ्लेकेनाइड आजही वापरतात, आणि मला ते बरोबर वाटतं. हृदयाची रचना धडधाकट असलेल्यांना एट्रियल फिब्रिलेशनमध्ये त्याचा उपयोग होतो. पण आधी इको करून, जुना अटॅक नाही ना हे बघून. सुरू केल्यावर ईसीजीत ठोक्याची रुंदी वाढतेय का ते मोजायचं, किडनीचा रिपोर्टही बघायचा, कारण औषधाचा बराच भाग तिथूनच बाहेर पडतो. घरात कुणाला ही गोळी चालू असेल तर आपल्या मनाने बंद करू नका, डोस वाढवूही नका. चक्कर आली, शुद्ध हरपली किंवा नवीन धडधड सुरू झाली, तर मात्र पुढच्या अपॉइंटमेंटची वाट न बघता लगेच हॉस्पिटल गाठायचं.