निष्फळ अर्ज, जिवंत प्रश्न

‘अर्ज निष्फळ झाल्यामुळे काढून टाकण्यात येत आहे.’ न्यायालयाच्या दप्तरात हे वाक्य वारंवार आढळते. ज्या हुकुमाविरुद्ध दाद मागितली, तो मागे घेतला गेला किंवा त्याची मुदत सरली, की निवाड्याचे कारणच उरत नाही. न्यायालये जिवंत तंट्यांसाठी आहेत, पंडितांच्या चर्चेसाठी नव्हेत. नियम रास्तच आहे. पण त्याला एक फट आहे, आणि ती दाखविणारी घटना आमच्याच जुन्या प्रांतात घडली.

आज छत्तीसगडात असलेले भिलाई १९५० साली एक खेडे होते. त्याचा दुर्ग जिल्हा तेव्हाच्या मध्यप्रदेशात मोडत असे, आणि त्या प्रदेशाची राजधानी होती नागपूर. शेतीच्या दिवसांत मजूर विडीकामाकडे वळतात म्हणून या प्रांताने १९४८ साली कायदा केला. हंगामापुरती ठराविक गावांत विड्या वळण्यास बंदी घालण्याचा अधिकार त्याने जिल्हाधिकाऱ्यास दिला. १३ जून १९५० रोजी सागर जिल्ह्यात तसा हुकूम निघाला. सहाच दिवसांनी चिंतामणराव हे विडी-कारखानदार आणि एक विडी-कामगार यांनी थेट सर्वोच्च न्यायालयाकडे धाव घेतली.

सुनावणी व्हायची होती, तोच हुकुमाची मुदत संपली. अर्ज तेथेच निष्फळ व्हायचा. परंतु शासनाने ८ ऑक्टोबर ते १८ नोव्हेंबर या हंगामासाठी तसाच दुसरा हुकूम काढला. अर्जदारांनी पुरवणी अर्ज करून त्यालाही आव्हान दिले. निकाल लागला ८ नोव्हेंबरला. दुसरी मुदत संपण्यास अवघे दहा दिवस उरले होते! न्यायमूर्ती मेहरचंद महाजन यांनी लिहिलेल्या त्या निकालाने ही बंदी घटनाबाह्य ठरविली. शेतावर राबू न शकणारे वृद्ध, अपंग, स्त्रिया व मुले यांचीही भाकर ती हिरावून घेत होती. हेतू चांगला असला, तरी उपाय गरजेबाहेरचा होता.

श्रोतेहो, दुसरा हुकूम निघालाच नसता तर? पुढच्या वर्षी पाऊस पडला असता, बंदी आली असती, आणि न्यायालयाची पायरी चढेपर्यंत पुन्हा हंगाम सरला असता. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने हा धोका १९११ सालीच ओळखला होता. रेल्वे-वाहतुकीसंबंधीच्या एका हुकुमाची मुदत संपली असूनही, असे हुकूम पुन्हा निघू शकतात आणि दर वेळी निवाड्याच्या हातून निसटतात म्हणून त्याने निर्णय दिला.

सरकारी नोकरीत मुदतीचे हुकूम माझ्याही हातून गेले आहेत. तारीख उलटली की आम्ही फाइल बांधून ठेवतो. त्या अवधीत बुडालेली मजुरी मात्र कोणी परत देत नाही. म्हणून अर्ज निष्फळ ठरविण्यापूर्वी एवढे विचारावे: तंटा खरोखर मिटला आहे, की पुढच्या हंगामाची वाट पाहत आहे?