नकुसाची नोंद
जनगणनेचे तक्ते चाळताना मला मुलगी आकड्यात भेटते. २००१ मध्ये सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे साताऱ्यात ८७८ मुली होत्या, सांगलीत ८५१. शाळेच्या हजेरीपटावर मात्र ती नावाने भेटते : नकुसा. मुलाची वाट पाहणाऱ्या घरात पुन्हा मुलगी झाली, की हे नाव ठेवत. ऑक्टोबर २०११ मध्ये साताऱ्यात अशा दोनशेहून अधिक मुलींना समारंभपूर्वक नवी नावे मिळाली. गर्भलिंगनिदानाविरुद्धचा देशातला पहिला कायदा महाराष्ट्राने १९८८ मध्येच केला होता. तरीही २०१७ मध्ये मिरज तालुक्यातल्या म्हैसाळला १९ भ्रूण पुरलेले सापडले. नकुसा निदान जन्मली, हजेरीला ‘हजर’ म्हणाली. ज्यांना नकोसे नावही मिळाले नाही, त्यांचे बारसे कोणत्या तक्त्यात करायचे?