भोपळा: आधी भांडे, मग भाजी

भोपळा मूळचा आफ्रिकेतला. रानटी वेलाचे फळ कडू असल्याने माणसाने तो आधी भांडे म्हणूनच जवळ केला असावा, असे आम्हांस वाटते. युरोपात संत याकोबाच्या कबरीकडे पायी निघालेले यात्रेकरू काठीला वाळका भोपळा बांधून त्यात पाणी नेत. आपल्याकडे साधूचा तुंबा तोच, मिरजेच्या तंबोऱ्याचा भोपळाही तोच. पूल नव्हते तेव्हा भोपळ्यांची सांगड बांधून माणसे नदी उतरत.

कडूपणा ओसरलेल्या वेलांचे बी पिढ्यान्‌पिढ्या राखले गेले, तेव्हा कुठे दुध्या ताटात आला. आपल्या अहिल्यानगर जिल्ह्यात राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाने (स्थापना १९६८) दुध्याचा ‘सम्राट’ हा वाण दिला. वेल मांडवावर चढविला की लोंबणारे फळ सरळ वाढते आणि मातीला टेकून सडत नाही.

पण जुना कडूपणा एखाद्या फळात अजूनही डोके वर काढतो. ते कुकुरबिटासीनचे विष. शिजवूनही जात नाही. कडू दुध्याचा रस पिऊन आपल्या देशात माणसे दगावली आहेत. म्हणून चिरताना एक चकती जिभेला लावून पाहावी. कडू लागल्यास ती थुंकून सबंध भोपळा फेकून द्यावा. घरातल्या वडीलधाऱ्या बायका हेच करीत आल्या आहेत.