धर्मादाय जमिनींचा मालक कोण?

मंदिर, वसतिगृह, धर्मशाळा, शाळा किंवा रुग्णालय चालावे म्हणून पूर्वीच्या पिढ्यांतील दानशूरांनी दिलेल्या अनेक जमिनी आज शहरांच्या मध्यवस्तीत आल्या आहेत. भाव वाढले, तसे वादही वाढले. ज्यांच्या ताब्यात जमीन, त्यांना ती विकण्याचा अधिकार आहे काय, हा या वादांतील मूळ प्रश्न असतो.

पुण्यातील मॉडेल कॉलनीतील जैन बोर्डिंगच्या प्रकरणामुळे हा प्रश्न २०२५ मध्ये ऐरणीवर आला. विद्यार्थ्यांचे वसतिगृह आणि जैन मंदिर असलेली ही जागा विकण्यास विश्वस्तांना एप्रिल २०२५ मध्ये धर्मादाय आयुक्तांची परवानगी मिळाली. व्यवहार ३११ कोटी रुपयांचा होता. जैन समाज आणि माजी विद्यार्थी यांनी तीव्र विरोध केल्यानंतर ऑक्टोबरमध्ये 'जैसे थे' आदेश निघाला, विकसकाने माघार घेतली आणि महिनाअखेरीस आयुक्तांनी दिलेली परवानगी रद्द केली.

विश्वस्तांचे अधिकार

महाराष्ट्रातील सार्वजनिक न्यासांना १९५० चा सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायदा लागू आहे. नोंदणीच्या वेळी न्यासाची घटना, विश्वस्तांची नावे आणि स्थावर मालमत्ता यांची नोंद धर्मादाय कार्यालयाच्या नोंदवहीत, म्हणजेच 'परिशिष्ट एक'मध्ये होते. विश्वस्त हे या मालमत्तेचे व्यवस्थापक असतात. दात्याने ज्या हेतूने जमीन दिली, त्या हेतूसाठीच तिचा वापर करण्याचे बंधन त्यांच्यावर असते.

कायद्यातील कलम ३६ सर्वांत महत्त्वाचे आहे. आयुक्तांच्या पूर्वपरवानगीशिवाय न्यासाच्या स्थावर मालमत्तेची विक्री, अदलाबदल किंवा बक्षीसपत्र वैध ठरत नाही. शेतजमीन १० वर्षांहून अधिक, तर बिगरशेती जमीन वा इमारत ३ वर्षांहून अधिक काळासाठी भाडेपट्ट्याने द्यायची असल्यासही परवानगी लागते. न्यासाचे हित, लाभ आणि संरक्षण या कसोट्यांवर आयुक्तांनी निर्णय द्यायचा असतो. फसवणूक करून किंवा महत्त्वाची माहिती दडवून मिळवलेली परवानगी त्यांना रद्द करता येते. अपवादात्मक परिस्थितीत व्यवहारानंतर मंजुरी देण्याची तरतूद २०१७ च्या दुरुस्तीने करण्यात आली.

किंमत हा वादाचा दुसरा मुद्दा. देवस्थानाची जमीन खासगी वाटाघाटींनी न विकता जाहीर लिलावाने विकावी, म्हणजे योग्य मोल येते, असे सर्वोच्च न्यायालयाने आंध्र प्रदेशातील एका प्रकरणात १९८६ मध्ये स्पष्ट केले. विश्वस्तांनी आणलेल्या प्रस्तावाला केवळ होकार वा नकार देण्यापुरता आयुक्तांचा अधिकार मर्यादित नाही, त्यांना अन्य देकारही मागवता येतात, असा निर्वाळा मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २००७ मध्ये दिला.

देवाची जमीन, पुजाऱ्याची वहिवाट

ग्रामीण भागात वादाचे स्वरूप वेगळे असते. राजेरजवाड्यांनी पूजाअर्चेसाठी दिलेल्या देवस्थान इनाम जमिनींना महसुली भाषेत 'वर्ग ३' म्हणतात. कायद्याच्या दृष्टीने देवता ही मालमत्ता धारण करू शकणारी विधिमान्य व्यक्ती आहे. पुजारी किंवा गुरव हे वहिवाटदार. मात्र पिढ्यान्‌पिढ्या वहिवाट चालल्याने काही ठिकाणी सातबाऱ्यावर पुजाऱ्याचे नाव मालक म्हणून चढले आणि पुढे वाटण्या व विक्रीही झाल्या. मध्य प्रदेशातील प्रकरणात ६ सप्टेंबर २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने मालकीच्या रकान्यात केवळ देवतेचेच नाव असावे, पुजारी हा जमिनीचा मालक नव्हे, असे स्पष्ट केले.

यात कुळांचा प्रश्नही गुंतलेला आहे. १९४८ च्या मुंबई कुळकायद्यानुसार १ एप्रिल १९५७ या कृषकदिनी कसणारे कूळ जमिनीचे मालक मानले गेले. मात्र नोंदणीकृत धार्मिक, शैक्षणिक किंवा रुग्णालयाच्या न्यासाला, जमिनीचे सर्व उत्पन्न त्याच कामासाठी खर्च होत असल्यास, कलम ८८-ब अन्वये सूट मिळते. त्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांचे प्रमाणपत्र लागते. हे प्रमाणपत्र आहे की नाही, यावर अनेक दाव्यांचे भवितव्य ठरते. एका बाजूला देवस्थानाचे उत्पन्न आणि दुसऱ्या बाजूला तीन-चार पिढ्या त्याच मातीत राबलेले कुटुंब, अशी ही लढाई असते.

दाद कोठे मागायची?

एखादी मालमत्ता सार्वजनिक न्यासाची आहे किंवा नाही, हे ठरवण्याचा अधिकार उप वा सहायक धर्मादाय आयुक्तांना आहे. ज्या बाबी त्यांच्या अधिकारात येतात, त्यांत दिवाणी न्यायालयाला कलम ८० नुसार लक्ष घालता येत नाही. न्यासाची मालमत्ता परत मिळवण्यासाठी हितसंबंधी व्यक्तींना आयुक्तांची लेखी संमती घेऊन कलम ५० अन्वये दावा लावता येतो.

मुदतीचा मुद्दाही निर्णायक ठरतो. मुदत कायद्यानुसार, न्यासाची मालमत्ता परत मिळवण्यासाठी खुद्द विश्वस्ताविरुद्ध दावा करण्यास कालमर्यादा नाही. मात्र मोबदला देऊन जमीन घेणाऱ्याविरुद्ध, व्यवहाराची माहिती मिळाल्यापासून साधारणतः १२ वर्षांच्या आत दावा करावा लागतो. वक्फ मालमत्तांना या कायद्यातून असलेली सूट २०२५ च्या दुरुस्तीने काढून टाकण्यात आली. मुस्लिमांनी स्थापन केलेला प्रत्येक सार्वजनिक न्यास वक्फ ठरत नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये महाराष्ट्रातील प्रकरणात सांगितले आहे.

खरेदीदारांनी काय पाहावे?

न्यासाच्या जागेवरील इमारतीत सदनिका घेणाऱ्याने पुढील कागद तपासणे आवश्यक आहे :

* सातबारा किंवा मिळकत पत्रिका आणि जुने फेरफार;
* धर्मादाय कार्यालयातील 'परिशिष्ट एक'चा उतारा;
* कलम ३६ खालील परवानगीचा आदेश आणि त्यातील अटी;
* व्यवहार करणाऱ्या विश्वस्तांची नावे नोंदवहीत आहेत काय, हे दाखवणारा बदल अर्जावरील आदेश;
* जमीन इनामाची असल्यास तिचा वर्ग.

यांतील एक कागद जरी नसला, तरी आयुष्यभराची पुंजी न्यायालयाच्या तारखांमध्ये अडकू शकते. आणि जमीन एकदा हातची गेली, की ज्या विद्यार्थ्यासाठी वा रुग्णासाठी दात्याने ती दिली होती, त्याच्या वतीने भांडायला बहुधा कोणीही उरत नाही.